कल्पित जगाचं पंचांग कसं बांधावं

विज्ञान आणि जादू एकत्र नांदणारी कथा लिहायला घेतली की पहिल्या दोन-चार प्रकरणांतच तारखेशी गाठ पडते. राजा कधी वारला, यान कधी पोचलं, वेढा किती दिवस चालला, नायिकेचं वय काय. मग घाईघाईने बारा महिने, प्रत्येकी तीस दिवस आणि महिन्यांना कानाला नवी वाटणारी नावं, एवढ्यावर काम भागवलं जातं. असं कॅलेंडर चालतं, पण त्यातून कथेला काही मिळत नाही.

खऱ्या आकाशात कुठलाच भागाकार निःशेष जात नाही. पृथ्वीचं ऋतुवर्ष ३६५.२४२२ दिवसांचं, एका अमावास्येपासून पुढच्या अमावास्येपर्यंतचा काळ सरासरी २९.५३०५९ दिवसांचा. बारा चांद्रमास म्हणजे ३५४.३७ दिवस, म्हणजे दर वर्षी जवळजवळ अकरा दिवसांची तूट. लीप वर्ष, अधिक मास, तारखांवरून झालेली भांडणं, हे सगळं या उरलेल्या बाकीतून आलं आहे. म्हणून नवख्या लेखकाला माझं पहिलं सांगणं हे, की बाकी पुसून टाकू नका. तुमच्या जगातली माणसं त्या बाकीचं काय करतात, ती कोण मिटवतं आणि ती मिटवताना कोणाचं नुकसान होतं, यात कथेचं बरंच बीज असतं.

पुढे सगळीकडे एकच उदाहरण घेतो. ग्रहाचं नाव धूमल. त्याला दोन चंद्र आहेत, लोक त्यांना थोरली आणि धाकटी म्हणतात. कॅल्क्युलेटर जवळ ठेवा, गणित शाळेतल्यापेक्षा अवघड नाही.

पहिली पायरी: वर्ष आणि दिवस

वर्षाची लांबी मनाने ठरवण्यापेक्षा ताऱ्यावरून काढा. केप्लरचा तिसरा नियम इथे कामाला येतो. ग्रहाचं ताऱ्यापासूनचं अंतर पृथ्वी-सूर्य अंतराच्या पटीत घ्या, त्याचा घन करा, त्याला ताऱ्याच्या वस्तुमानाने (सूर्याच्या पटीत) भागा आणि आलेल्या संख्येचं वर्गमूळ काढा. उत्तर पृथ्वीच्या वर्षांत मिळतं.

धूमलचा तारा सूर्यापेक्षा थोडा हलका, ०.८ पट. असा तारा मंदही असतो, म्हणून ग्रह जवळ हवा, ०.७ अंतरावर. ०.७ चा घन ०.३४३, भागिले ०.८, वर्गमूळ ०.६५४८. म्हणजे पृथ्वीचे सुमारे २३९ दिवस. आता धूमलचा स्वतःचा दिवस ठरवू. एका मध्यान्हापासून पुढच्या मध्यान्हापर्यंत २१ तास घेतले, तर वर्ष भरतं २७३.३२८ स्थानिक दिवसांचं. दिवसाची लांबी तुम्ही मोकळेपणाने निवडू शकता. ती निवडल्यावर वर्षाचा अपूर्णांक जो येईल तो मात्र मुकाट्याने स्वीकारा.

ऋतू हवे असतील तर ग्रहाचा अक्ष कललेला हवा. कक्षा लंबवर्तुळाकार ठेवली तर ऋतू सारख्या लांबीचे राहत नाहीत, कारण ताऱ्याजवळून जाताना ग्रह वेगाने सरकतो. पृथ्वीवरसुद्धा मार्च ते सप्टेंबर या दोन संपातांमध्ये (म्हणजे दिवस-रात्र सारखे असतात त्या दिवसांमध्ये) सुमारे १८६ दिवस असतात आणि सप्टेंबर ते मार्च फक्त १७९. मंगळावर हा फरक ठळक आहे. तिथल्या उत्तर गोलार्धात वसंत १९४ मंगळदिवस चालतो आणि शरद जेमतेम १४२. तुमच्या जगात पेरणीचा काळ आखूड आणि हिवाळा लांब असेल, तर महिने सारख्या लांबीचे का असावेत, हा प्रश्न तिथल्या शेतकऱ्यालाही पडेल.

दुसरी पायरी: चंद्र

चंद्राचे दोन काळ असतात आणि नवखा लेखक इथे हमखास अडखळतो. ताऱ्यांच्या संदर्भात ग्रहाभोवती एक फेरी, हा एक काळ. अमावास्या ते अमावास्या, हा दुसरा. चंद्र फेरी पुरी करतो तोवर ग्रहही पुढे सरकलेला असतो, म्हणून दुसरा काळ लांब असतो. आपल्या चंद्राची फेरी २७.३२ दिवसांची, पण चांद्रमास २९.५३ दिवसांचा. लोकांना कला दिसतात, फेरी दिसत नाही. म्हणून महिना दुसऱ्या काळावर बांधायचा.

सूत्र सोपं आहे. फेरीचा काळ आणि वर्ष यांचा गुणाकार करा आणि त्याला त्या दोघांच्या फरकाने भागा. थोरलीची फेरी २२.४ दिवसांची धरली, तर २२.४ गुणिले २७३.३२८ भागिले २५०.९२८, उत्तर २४.४ दिवस. धाकटीची फेरी ७ दिवसांची, तर तिच्या कलांचं चक्र ७.१८४ दिवसांचं. दोन चंद्र एकमेकींना किती दिवसांनी गाठतात, तेही याच सूत्राने निघतं. वर्षाऐवजी दुसऱ्या चंद्राची फेरी घाला, की १०.१८ दिवस मिळतात. दोघींच्या ओढीने येणारं मोठं उधाण असं दहा-दहा दिवसांनी येतं का? नाही. मोठ्या भरतीसाठी सूर्यही त्यांच्या रांगेत यावा लागतो, त्यामुळे काही भेटी साध्या जातात आणि काही किनारे बुडवतात. कोणती भेट कशी असेल हे ज्याला आधी सांगता येतं, तो धूमलच्या बंदरांत मोठा माणूस असणार.

एक काळजी घ्या. चंद्राची फेरी ग्रहाच्या वर्षाच्या नवव्या हिश्श्याच्या आत ठेवलीत तर तो निर्धास्त टिकतो. फार लांबचा चंद्र ताऱ्याच्या ओढीने निसटतो.

तिसरी पायरी: बाकी

आता आपल्याकडे तीन आकडे आहेत: वर्ष २७३.३२८, थोरलीचा महिना २४.४, धाकटीचं चक्र ७.१८४. एकही दुसऱ्यात नीट बसत नाही. या ठिकाणी घाई करू नका, मनासारखा वेळ द्या.

आधी दिवसांची बाकी. वर्ष २७३ दिवसांचं धरलं तर दर वर्षी ०.३२८ दिवस सुटतो. हे एक तृतीयांशाच्या अगदी जवळ आहे, तेव्हा धूमलच्या पहिल्या पंचांगकर्त्यांनी दर तिसऱ्या वर्षी एक दिवस वाढवला असणार. पण ०.३३३ आणि ०.३२८ मध्ये जो फरक आहे तो साठत जातो आणि सुमारे १८८ वर्षांनी पंचांग ऋतूंपेक्षा एक पूर्ण दिवस मागे पडतं. पृथ्वीवर हेच झालं. जुलियस सीझरच्या जुलियन कॅलेंडरने वर्ष ३६५.२५ दिवसांचं धरलं. चूक छोटी, १२८ वर्षांत एका दिवसाची. १५८२ साली ती दुरुस्त करायला दहा दिवस गाळावे लागले आणि ४ ऑक्टोबरच्या दुसऱ्या दिवशी १५ ऑक्टोबर उजाडला. हा बदल ब्रिटनने १७५२ मध्ये केला आणि रशियाने १९१८ मध्ये. म्हणजे कित्येक पिढ्या सरहद्द ओलांडली की तारीख बदलत होती. करार, व्याज, सुटकेचा दिवस, सगळ्यावर त्याचा परिणाम. दोन राज्यांमध्ये वितुष्ट दाखवायचं असेल तर याहून चांगलं साधन शोधून मिळणार नाही.

धूमलची दुरुस्ती अशी: ६३ वर्षांत एकवीस वाढीव दिवस घ्यायचे, चौसष्टावं वर्ष साधं सोडायचं आणि मोजणी पुन्हा एकपासून सुरू करायची. २१ भागिले ६४ म्हणजे ०.३२८१२५, आता एका दिवसाचा फरक पडायला आठ हजार वर्षं लागतील. असं चक्र शोधायचं तर अपूर्णांकाच्या जवळ जाणारे छोटे भागाकार करून पाहा, पाच-दहा प्रयत्नांत हाती लागतं. पण गणितापेक्षा महत्त्वाचं आहे ते चौसष्टावं वर्ष. माणसाच्या आयुष्यात ते एकदा, फार तर दोनदा येतं. दोन साध्या वर्षांनंतर वाढीव दिवसाचं वर्ष यायचा ताल त्या वेळी चुकतो. त्या वर्षाला नाव असेल, त्याचे नेम असतील, त्या वर्षी लग्नं लावावीत की नाही यावर मतभेद असतील. मी त्याला ‘कोरडं वर्ष’ म्हणेन.

मग महिन्यांची बाकी. थोरलीचे अकरा महिने २६८.४ दिवसांचे, वर्षाला जवळजवळ पाच दिवस कमी. इथे तीन वाटा आहेत आणि पृथ्वीवर तिन्ही चोखाळल्या गेल्या. चंद्राकडे पाठ फिरवायची आणि महिने फक्त नावापुरते ठेवायचे, ही ग्रेगरियन, म्हणजे आपल्या रोजच्या इंग्रजी कॅलेंडरची वाट. ऋतूंची फिकीर सोडून चंद्राला धरायचं, ही हिजरी वाट. तिथे महिना साऱ्या ऋतूंतून फिरतो आणि सुमारे ३३ वर्षांनी जागेवर येतो. तिसरी वाट अधिक मासाची. धूमलवर ती सुरेख बसते. पाच वर्षं म्हणजे १३६६.६४ दिवस आणि छप्पन्न महिने म्हणजे १३६६.४ दिवस. दर पाच वर्षांनी एक अधिक महिना घातला की झालं. वेदांग ज्योतिषातलं युगही पाचच वर्षांचं होतं, त्यात बासष्ट चांद्रमास आणि दोन अधिक मास. पण धूमलच्या या सोप्या नियमातही पाव दिवसाची बाकी राहतेच. ती एकवीस वर्षांत दिवसभराची होते आणि मग ‘पौर्णिमा आज की काल’ हा वाद सुरू होतो.

माझा कल तिसऱ्या वाटेकडे आहे. ती लेखकाला जास्त कामाला लावते, पण त्याच प्रमाणात परतही देते.

चौथी पायरी: अधिकार कोणाचा

नियम कागदावर असणं वेगळं आणि तो पाळला जाणं वेगळं. प्राचीन रोममध्ये अधिक महिना कधी घालायचा हे धर्माधिकाऱ्यांचं मंडळ ठरवायचं. आपल्या माणसाचा कार्यकाळ वाढवायचा असेल तर महिना घाला, विरोधकाचा आटपायचा असेल तर गाळा, असा त्याचा वापर झाला. शेवटी कॅलेंडर ऋतूंपासून इतकं भरकटलं की सीझरला इसवी सनपूर्व ४६ हे वर्ष ४४५ दिवसांचं करावं लागलं. पुढची गंमत अशी, की त्याच्या मृत्यूनंतर त्याच अधिकाऱ्यांनी ‘दर चौथ्या वर्षी’ हा नियम चुकीचा मोजला आणि दर तीन वर्षांनी लीप दिवस घालत राहिले. पुढे सम्राट ऑगस्टसला ते निस्तरावं लागलं.

तेव्हा तुमच्या जगासाठी एक परिच्छेद लिहा. वाढीव दिवसाची घोषणा कोण करतं? ती दूरच्या बेटावर किती दिवसांनी पोचते? पोचेपर्यंत तिथले लोक कोणती तारीख लिहितात? वाढीव दिवसाची मजुरी मिळते का? त्या दिवशी जन्मलेल्याचा वाढदिवस कधी?

शकाचा आरंभही याच पायरीवर ठरवा. वर्षं कुठून मोजायची हा सत्तेचा प्रश्न असतो. १६७४ मध्ये शिवाजी महाराजांनी राज्याभिषेक शक सुरू केला, तो नवं सार्वभौम राज्य उभं राहिल्याची खूण म्हणूनच. फ्रेंच राज्यक्रांतीच्या कॅलेंडरने प्रजासत्ताकाच्या स्थापनेपासून, २२ सप्टेंबर १७९२ पासून, वर्षं मोजली आणि आठवडा दहा दिवसांचा केला. १ जानेवारी १८०६ पासून ते बंद झालं. धूमलवर किमान दोन शक चालू ठेवा. जुना शक मोडून काढला तरी तो थडग्यांवर आणि दस्तऐवजांवर शिल्लक राहतो, आणि पात्र कोणता शक लिहितं त्यावरून ते कोणाच्या बाजूचं आहे हे वाचकाला न सांगता कळतं.

पाचवी पायरी: आठवडा

आठवड्याला आकाशात आधार नाही असं बऱ्याचदा वाटतं. पण आपल्या वारांचा क्रम कसा लागला ते पाहिलं, तर लेखकाला एक उत्तम यंत्र मिळतं.

जुन्या खगोलात सात फिरत्या ज्योती होत्या. मंद गतीपासून शीघ्र गतीपर्यंत त्यांचा क्रम असा: शनी, गुरू, मंगळ, रवी, शुक्र, बुध, चंद्र. दिवसाच्या चोवीस होरा, आणि प्रत्येक होरेचा एक स्वामी, याच क्रमाने. पहिल्या होरेचा स्वामी तोच त्या दिवसाचा स्वामी. चोवीसला सातने भागलं की बाकी तीन, म्हणून दुसऱ्या दिवशी तीन घरं पुढचा स्वामी येतो. शनीपासून तीन पुढे रवी, रवीपासून तीन पुढे चंद्र, तिथून तीन पुढे मंगळ. शनिवार, रविवार, सोमवार, मंगळवार. इथेही काम केलं ते बाकीनेच.

आता हे यंत्र धूमलवर चालवू. तिथे सहा ज्योती दिसतात. मंद ते शीघ्र: जडू, ताम्रा, सूर्य, लखू, थोरली, धाकटी. दिवसाचे वीस भाग. वीसला सहाने भागलं की बाकी दोन. पहिला दिवस जडूचा, दुसरा दोन घरं पुढे, सूर्याचा, तिसरा थोरलीचा, आणि चौथा पुन्हा जडूचा. आठवडा तीनच दिवसांचा झाला! ताम्रा, लखू आणि धाकटी यांच्या वाट्याला वारच आला नाही.

हे मी मुद्दाम असं निवडलं. दिवसाचे एकोणीस भाग केले असते तर बाकी एक आली असती आणि सहाही ज्योतींना वार मिळाला असता. म्हणजे कधीतरी कोणीतरी दिवसाचे वीस भाग करायचं ठरवलं आणि तीन देवता वारांतून बाहेर पडल्या. त्यांचे उपासक दिवसाचे एकोणीस भाग करतात, त्यांच्या घटिका निराळ्या, त्यांचा आठवडा सहा दिवसांचा. एका साध्या भागाकारातून पंथभेद, गुप्त घड्याळं आणि बाजाराच्या वारावरून दंगल, इतकं सगळं निघालं. तुमच्या ग्रहावर किती ज्योती दिसतात ते मोजा आणि दोन-तीन वेगवेगळे भागाकार करून पाहा. दोन्ही संख्यांना एकाच आकड्याने भाग जात असेल तर काही ज्योती वगळल्या जातात, नसेल तर सगळ्या येतात.

दिवस कधी सुरू होतो तेही इथेच नोंदवून टाका. आपलं पंचांग सूर्योदयाला दिवस सुरू करतं, ज्यू आणि इस्लामी परंपरा सूर्यास्ताला, रोमन मध्यरात्रीला. खगोलशास्त्रज्ञ तर १९२५ पर्यंत मध्यान्हापासून दिवस मोजत, म्हणजे रात्रभराच्या निरीक्षणात तारीख बदलत नसे. तुमच्या जगात रात्री खून झाला असेल तर तो कोणत्या तारखेला झाला, हे यावर ठरेल.

सहावी पायरी: जादू कोणाचं ऐकते

शुद्ध विज्ञानकथेत हा प्रश्न येत नाही. तुमच्या कथेत येतो, आणि त्याचं उत्तर लिहायला लागण्याआधी हवं. मंत्र थोरलीच्या पौर्णिमेला फळतो असं तुम्ही म्हणता. कोणत्या पौर्णिमेला? आकाशातल्या, की पंचांगात छापलेल्या?

जादू आकाशाचं ऐकत असेल, तर पंचांग चुकलेल्या राज्यात मांत्रिक एक दिवस उशिरा मंत्र म्हणतात आणि हळूहळू त्यांची विद्या खोटी ठरते. खगोल जाणणारा कोणीही मग त्यांच्यावर मात करू शकतो. जादू माणसांच्या मोजणीचं ऐकत असेल, लाखो लोक जिला पौर्णिमा मानतात तीच खरी असेल, तर पंचांग दुरुस्त करणं हेच मोठं शस्त्र. दहा दिवस गाळले तर त्या दहा दिवसांत ठरलेले शाप कुठे जातात? दोन्ही उत्तरं चालतात. पण एकाच कथेत सोयीप्रमाणे कधी हे आणि कधी ते केलंत, तर वाचकाचा विश्वास उडतो.

कथेतली अवकाशयानं दोन जगांत प्रवास करणारी असतील तर यानाचं पंचांग वेगळं ठेवा. मंगळावरच्या मोहिमांमध्ये हे प्रत्यक्षात घडतं. मंगळाचा दिवस २४ तास ३९ मिनिटं ३५ सेकंदांचा, त्यामुळे रोव्हर उतरल्यानंतरचे काही महिने पृथ्वीवरचे अभियंते रोज सुमारे चाळीस मिनिटं उशिरा कामाला येतात. आणि मोजणी उतरल्या दिवसापासून होते. ऑपॉर्च्युनिटी या रोव्हरचा उतरण्याचा दिवस पहिला धरला गेला, क्युरिऑसिटीचा शून्यावा. एकाच संस्थेच्या दोन गाड्यांत इतका फरक असेल, तर दोन साम्राज्यांत किती असेल.

सातवी पायरी: लेखकाची वही

हे सगळं सांभाळायला एकच युक्ती लागते. भारतीय खगोलात अहर्गण असतो, ठरलेल्या आरंभापासून आजवर गेलेल्या दिवसांची सलग मोजणी. महिने नाहीत, वर्षं नाहीत, फक्त एक वाढत जाणारा आकडा. तुमच्या कथेतल्या प्रत्येक घटनेला असा आकडा द्या. स्प्रेडशीटमध्ये एक स्तंभ अहर्गणाचा आणि बाकीचे त्यावरून आपोआप निघणारे.

समजा, तुमचा मोठा प्रसंग अहर्गण १०,००० वर घडतो आणि अहर्गण शून्याला वसंतसंपात, जडूवार आणि दोन्ही चंद्रांची अमावास्या होती. ६४ वर्षांच्या नियमाने पहिली ३६ वर्षं ९,८४० दिवसांची. उरले १६०. म्हणजे सदतिसाव्या वर्षाचा १६१ वा दिवस, शरदसंपात उलटून गेलेला. दहा हजारला २४.४ ने भागून बाकी २०.४. थोरलीची पौर्णिमा १२.२ व्या दिवशी असते, तेव्हा ती आठ दिवस क्षीण होत आलेली, रात्र बरीच सरल्यावर उगवणारी. धाकटीची बाकी ७.०६, म्हणजे तिची अमावास्या अगदी तोंडावर. तीनने भागून बाकी एक, वार सूर्याचा. आता कळलं की त्या संध्याकाळी अंगणात चांदणं पडलं असं लिहिता येणार नाही. पळून जाणाऱ्यांना पहिल्या प्रहरात पूर्ण काळोख मिळेल. प्रसंगाचा आराखडा यावरून बदलतो, आणि बहुतेक वेळा सुधारतो.

नावांबद्दल थोडक्यात. चैत्र, कार्तिक ही नावं पौर्णिमेचा चंद्र ज्या नक्षत्राजवळ असतो त्यावरून आली, फ्रेंच क्रांतिकारकांनी धुकं, बर्फ, उष्णता यांवरून महिने ठेवले. तुमच्याही नावांमागे असं कारण असू द्या. आणि सगळी नावं वाचकावर टाकू नका. एका कादंबरीत चार-पाच पुरतात, बाकीची वहीत राहू द्या. शक्य तिथे तारखेऐवजी ‘अधिक महिन्याच्या आदल्या पौर्णिमेला’ किंवा ‘मागच्या कोरड्या वर्षी’ असं पात्रांच्या तोंडी घाला, कारण माणसं रोजच्या बोलण्यात तशीच बोलतात.

लिहिता लिहिता वर्षाची लांबी किंवा महिन्याचा नियम बदलावासा वाटला तर बदला. अहर्गणाचा स्तंभ मात्र हलवू नका. सूत्रं बदलली की तारखा, कला आणि वार नव्याने निघतील, मग चंद्राचा उल्लेख असलेले प्रसंग तेवढे शोधून तपासा. वयं आणि गरोदरपणाचे दिवस आधी पाहा. चुका बहुधा तिथेच सापडतात.